मास्तरांनी परत दिलेला पासपोर्ट

आप्पा, आज मी पावणे एमआयडीसीतल्या आमच्या कारखान्यात सगळ्या कामगारांचे मूळ दाखले त्यांच्या हातात परत दिले, आणि शेठना न विचारता दिले. तुम्हाला जाऊन चौदा वर्षं झाली, तरी हे आधी तुम्हालाच सांगावंसं वाटलं.

सानपाड्याच्या घरात ओट्याशी बसवून तुम्ही मला अक्षरं शिकवायचात, तेव्हा मध्येच आखातातल्या तुमच्या मास्तरांची गोष्ट निघायची. तुम्ही त्यांच्याकडे स्वयंपाकी. ते अरब, विद्यापीठात तत्त्वज्ञान शिकवणारे; कैद्यांसाठी, परक्या मजुरांसाठी लिहितात म्हणून नोकरी गेलेले. तिथली रीत अशी, की चाकराचा पासपोर्ट मालकाच्या कपाटात. मास्तरांनी तुमचा पहिल्याच दिवशी तुम्हाला परत दिला. आणि तुम्ही? इमान दाखवायला तो रुमालात बांधून पुन्हा त्यांच्यापुढे ठेवलात. "साहेब, तुमच्याकडंच ऱ्हाऊ द्या." ते असे खवळले की हातातला चहा सांडला. "जन्मभर मी याच्याविरुद्ध लिहितोय, आणि तू माझ्याच घरात मला तेच करायला लावतोस?" हे सांगताना तुम्ही हसायचात. काही महिन्यांनी पोलिसांनी मास्तरांना नेलं, कपाटं पुस्तकांसकट उचलली. तुमचा पासपोर्ट तांदळाच्या डब्यात होता, म्हणून तुम्ही घरी आलात. मास्तर तुरुंगातून आजारी होऊन सुटले, तरी लिहीतच राहिले, एवढंच पुढे तुमच्या कानावर आलं.

आमच्याकडे कामगाराने मध्येच काम सोडू नये म्हणून त्याची मार्कशीट ऑफिसच्या ड्रॉवरमध्ये ठेवतात. ऑफिसचं काम मी बघते, म्हणून किल्ली माझ्याकडे. गेल्या आठवड्यात एका फिटरला दुसरीकडे मुलाखतीला मूळ कागद हवे होते. शेठ म्हणाले, "देऊ नको, पळेल." मी दिले नाहीत. त्याची ती नोकरी हुकली. ते माझ्यामुळे. आज एकेकाला बोलावून, सही घेऊन ज्याचे त्याचे कागद दिले. तळवलीचे म्हातारे वेल्डर मागे सरले. "मॅडम, तुमच्याकरंच ऱ्हाऊ द्या ना. माज्या घरान उंदीर हाईत." मला मास्तरांसारखं खवळता येत नाही. कागद त्यांच्या हातात ठेवत मी म्हटलं, "काका, डब्यात ठेवा. पण तुमच्या घरात."

शेठचा फोन आला, उद्या सकाळी केबिनमध्ये बोलावलंय. मी जाणार. नोकरी गेली तर जाऊ दे, ते कागद मी पुन्हा गोळा करणार नाही.

हे वहीतच राहील, म्हणून एक कबूल करते. माझं पदवीचं प्रमाणपत्रही शेठच्या कपाटात आहे. रुजू झाले त्या दिवशी मीच नेऊन दिलं होतं. त्यांनी मागितलंही नव्हतं.