पप्पांची भूमिका

राजेंद्र नगर, इंदूर
१८ नोव्हेंबर २०२५

प्रिय ज्ञानदीप दादा,

जय भीम. आम्ही दोघं ठीक आहोत. पप्पांचं बीपी आटोक्यात आहे. मागचा नळ बदलून घेतला. प्लांटमध्ये मला सध्या सकाळची पाळी आहे, त्यामुळे संध्याकाळी घरी असते.

फोन न करता लिहिते आहे, कारण फोनवर बोललेलं तू स्टेजवर नेतोस. आई दवाखान्यात असतानाचं माझं बोलणंही नेलं होतंस. हे नेऊ नकोस.

तू म्हणालास, "तू सांग ना पप्पांना, तू शांतपणे सांगतेस." सिनेमा तू लिहिलास, पैसा तुझ्या कंपनीचा, मुलाचं कामही तूच करणार. वडिलांच्या भूमिकेतून पप्पांना काढलं, हे सांगण्याचं काम तेवढं माझ्याकडे आलं.

मी टाळत राहिले. तोवर त्यांनी मिशांना कलप लावला, जुना ब्लेझर शिंप्याकडून सैल करून आणला. रविवारी पोह्यांच्या दुकानावर दिवाकरकाका म्हणाले, "शंकररावजी, वो सिलेंडर वाला सुनाओ ना!" पप्पांनी लगेच तुझ्यासारखे डोळे वर नेले. "सुन ले भिया, हमारे जमाने में सिलेंडर भी इज्जत से आता था!" सगळे हसले. जाताना पप्पा म्हणाले, "शनिवारी स्नेहलतागंजला शूटिंग आहे आपलं. आ जाना सब."

मी पाठवलेल्या पप्पांच्या ऑडिशनच्या व्हिडिओवर तुझ्या माणसांचा शेरा होता : नैसर्गिक वाटत नाहीत, ज्ञानदीपची नक्कल करतात. शेरा बरोबर आहे. मी दिवसभर प्लांटमध्ये मापायचे गेज तपासते. गेजवर शंका आली की तो मूळ मापाशी ताडून बघतात. आपल्याकडे मूळ मापच गेजकडे बघून बदलत गेलं. कॉलेजच्या गॅदरिंगपासून तू स्टेजवर पप्पा करतो आहेस. त्यावर तुझे शो उभे राहिले, मालिका मिळाली, आता कंपनी झाली. पप्पा मुळात कमी बोलायचे. त्यात हशा नव्हता, म्हणून ते तू घेतलं नाहीस. आई गेल्यावर लोक त्यांच्याजवळ थांबायचे ते तुझे पप्पा ऐकायला. मग ते घरातही तसंच बोलू लागले. मी हसायचे. हसलं की ते नीट जेवायचे.

व्हिडिओ काढताना मी म्हटलं होतं, "पप्पा, साधं बोला. नेहमीसारखं."

"नेहमीसारखं म्हणजे कसं? तू करून दाखव बरं."

मी तोंड उघडलं आणि निघालं ते तुझंच, "सुन ले भिया." ते खूप हसले. मी रेकॉर्डिंग बंद केलं.

काल जेवताना सांगितलं. त्यांनी हातातला घास ताटात ठेवला. मग विचारलं, "मग कोण करतंय?"

मी त्या मुंबईच्या नटाचं नाव सांगितलं.

"चांगला असेल." थांबले. "लोकांना सांगू... मीच नको म्हणालो. दीपूला कोणी बोलायला नको."

त्यात भिया नव्हतं, हेल नव्हता. आवाज खालचा, जरा घोगरा. आई ज्याला "अहो, जरा मोठ्यानं" म्हणायची, तो. मी तो विसरले होते, हे मला काल कळलं.

त्यानंतर ते आणखी बोलले, तुझ्याबद्दल आणि आईबद्दल. ते मी लिहीत नाही. ते तुझ्यासाठी होतं, माझ्या हातून पाठवण्यासारखं नव्हतं.

आज दिवाकरकाकांनी फाटकातून हाक मारली तर "आज नहीं" म्हणाले आणि आत आले. उद्या पुन्हा ते सुरू करतील की नाही, मला माहीत नाही. लोक मागतीलच.

शनिवारच्या आधी ये. एकटा ये, कॅमेऱ्याचं कोणी नको. त्यांच्यासमोर बस आणि जे मला सांगायला लावलंस ते स्वतः सांग. आणि दादा, बोलता बोलता पप्पा थांबले, तर ती जागा तू भरू नकोस. त्यांचं वाक्य संपलेलं नसतं.

वाट बघते.
मैत्री