अर्ध्या तंबूत मरणार नाही

चि. बिरातू यास थोरला भाऊ हुंदे याचा पोटभर आशीर्वाद.

तू शांततेत आहेस ना? बायको शांततेत? पोरं शांततेत? गुरंढोरं शांततेत? (मिनेसोटात तुझ्याकडे गुरं नाहीत हे मला ठाऊक आहे, पण गुरांची चौकशी न करता सुरू केलेलं पत्र आपल्या बापाने फाडून टाकलं असतं. गुरांच्या जागी गाडी धर. ती शांततेत आहे ना?) आम्हीही इकडे सगळे शांततेत आहोत. निदान काल दुपारपासून तरी आहोत. अक्षर एवढं वळणदार कसं, असा प्रश्न तुला पडेल. माझ्या डाव्या डोळ्यावर मोतीबिंदूची पट्टी आहे आणि उजवा त्याच वाटेवर आहे, म्हणून मी नुसता बोलतोय, लिहिणारा दुसराच आहे. कोण, ते शेवटी सांगतो.

आईची अजिबात काळजी करू नकोस. आई ठणठणीत आहे. नऊ दिवस ती घरी नव्हती, ओढ्याकाठच्या मोठ्या उंबराखाली बसून मरायला नकार देत होती, एवढंच. पण पहिल्यापासून सांगतो, कारण पहिली काडी तू लावलीस.

पावसाळ्याच्या तोंडावर तू फोन केला होतास, आठवतंय? सगळी गल्ली आपल्या अंगणात कॉफी पीत होती आणि मी फोन मोठ्या आवाजावर ठेवला होता. तू पाऊण तास बोललास. आपल्या आजोबांच्या मातीत आपली माणसं अजून अम्हारांच्याच मंडळात मरतात, याची लाज वाटत नाही का, आपल्या ओरोमोंचं स्वतःचं मयत-मंडळ नको का, वगैरे. (तिकडे बर्फात बसून माणसाचं रक्त इतकं तापतं कसं, हे एकदा मला समजावून सांग.) आपलं मंडळ म्हणजे काय, हे तू विसरला असशील. गल्लीत कोणी गेलं की मंडळाचा मोठा तंबू, बाकं आणि पातेली निघतात, आणि प्रत्येक कर्ता पुरुष आपलं नाव कोरलेला खांब खांद्यावर घेऊन येतो. खांब धरायला जो आला नाही, तो मेला तरी त्याचं तोंड कोणी बघत नाही. आपल्या बापाने आणि मेर्शाच्या बापाने मिळून हे उभं केलं होतं. पण तुझं बोलणं मला असं काही चढलं, की पुढच्याच बैठकीत मी ते शब्दाला शब्द म्हणून दाखवलं. फक्त तू मध्ये शिंकला होतास, तेवढं गाळलं.

मेर्शा लगेच उठला. आपल्या भिंतीला भिंत लावून चाळीस वर्षं राहणारा, तुला आणि मला दोघांनाही बाकावर उभं केलेला मास्तर. म्हणाला, मी अम्हारा असलो तरी माझ्या चार पिढ्या याच मातीत गेल्यात. मी म्हणालो, हो तर! पहिली पिढी सम्राटाची बंदूक घेऊन आली आणि आमच्या पणजोबाच्या शेतावर बसली, आणि आमचा पणजोबा स्वतःच्याच शेतात कूळ होऊन नांगर धरत राहिला. हे खरं आहे, आणि उद्याही मी ते म्हणेन. तो म्हणाला, मग दंगलीत दगड चालले त्या वर्षी माझ्या खिडक्या कोणाच्या पोरांनी फोडल्या? माझ्या नातीच्या कपाळावरची खूण कुठून आली? तेही खरंच. (इथे लेखणी जरा थांबली होती. आता चालू झाली.) खोटं असतं तर दोघांपैकी एकजण वरमला असता. दोघंही खरं बोलत होतो, म्हणून कोणीच मागे हटेना.

संध्याकाळपर्यंत मंडळ फुटलं. वाटणी चिठ्ठ्या टाकून झाली आणि देवाने त्या दिवशी आमची चांगलीच खोड मोडली. तंबूचं कापड आपल्याकडे आलं, खांब त्यांच्याकडे गेले. त्यात माझ्या नावाचा होता आणि तुझ्याही. पातेली आपली, झाकणं त्यांची. आणि मयतीची वर्दी देत पहाटे तुतारी फुंकत फिरणारा गडी निघाला तिसऱ्याच जमातीचा, गुरागे, तो ना आपला ना त्यांचा, म्हणून त्याच्यावरच दोन बैठका झाल्या. शेवटी तो वैतागून म्हणाला, मरणारे मरतील तेव्हा सांगा, मी चाललो कोबी विकायला.

आणि मग आपला तुफा काका गेला. कापड होतं, पण ते उभं करायला खांब नव्हते. एक टोक सुरूच्या झाडाला बांधलं, एक तुफाच्या छपराला, आणि उरलेलं गाढवाच्या गाडीला, गाढवासकट. अर्ध्या शोकात पाऊस आला आणि गाढवाने घरची वाट धरली. अख्खा तंबू ओल्या घोंगडीसारखा साठ माणसांवर बसला. तुफा काका तेवढा बाहेर कोरडा राहिला. पुढच्या आठवड्यात त्यांची एक म्हातारी गेली. त्यांनी खांब रांगेत रोवले आणि वर काही नाही! भर उन्हात सगळे खांबांच्या मध्ये बसलेले, लांबून मला वाटलं गुरांचा बाजार भरलाय. मी भिंतीवरून हसलो. आईने मला हसताना पाहिलं.

त्याच दिवशी तिने लग्नात तिच्या आईने दिलेली काठी भिंतीवरून काढली. ती काठी आडवी आली की हात उगारलेल्या पुरुषाने हात खाली घ्यायचा, हे तुला सांगायला नको. आणि ती घेऊन बाया घराबाहेर पडल्या की समेट होईपर्यंत परतत नाहीत, तेही नको. आईच्या मागे गल्लीतल्या आपल्या सगळ्या बाया निघाल्या. मेर्शाची बायको येशीसुद्धा निघाली. तिच्याकडे काठी कुठली असायला, तिने देवळात न्यायची छत्री घेतली. जाताना त्यांनी कॉफीची भांडी नेली. बिरातू, भांडी नेली रे! दारातून आई म्हणाली, "या हिवाळ्यात मरावं असं माझ्या मनात होतं. पण अर्ध्या तंबूत मी मरणार नाही."

नऊ दिवस आम्ही जवाची लापशी शिजवली. म्हणजे गुठळ्या शिजवल्या. कॉफीवाचून माणसं एकमेकांवर गुरकावू लागली, गायीसुद्धा दूध देईनात. दहाव्या सकाळी मी माफी मागायला जाताना घेतात तसं हिरवं गवत उपटून मुठीत घेतलं आणि दार उघडलं, तर समोर मेर्शा, त्याच्याही मुठीत गवत. तेही त्याने माझ्याच बांधावरचं उपटलेलं. दोघं मिळून ओढ्याकडे निघालो.

उंबराखाली आईने आमच्या गवताकडे ढुंकूनही पाहिलं नाही. तिने अट घातली. आपापलं गाऱ्हाणं दोघांनी पोटात ठेवायचं आणि दुसऱ्याचं सांगायचं, सगळ्यांसमोर, एक शब्द न गाळता. मेर्शा उभा राहिला आणि आपल्या पणजोबाच्या शेताची हकिकत त्याने अशी सांगितली, बांध कुठे होता, बैल किती नेले, पणजी कोणाच्या दारात दळायला जायची, की ती मलासुद्धा इतकी माहीत नव्हती. मास्तरच तो. माझी पाळी आली तेव्हा मी खिडक्या सांगितल्या, नातीचं कपाळ सांगितलं, आणि दगड मारणाऱ्यांत आपल्या घरातला एक होता हेही सांगितलं. मग आईने विचारलं, आणि त्याच वर्षी शिपाई बिरातूला शोधत होते ते चार दिवस बिरातू कुठे होता? मला सांगावं लागलं. येशीच्या धान्याच्या कोठीत. दारात मेर्शा वर्तमानपत्र वाचत बसला होता, ते उलटं धरलं होतं. सांगताना मला रडू आलं, बिरातू. लाज वाटली आणि रडू आलं. आईने काठी उचलली, आणि बायांनी कॉफी भाजायला घेतली.

काल तंबू शिवून पुन्हा उभा केला. आई म्हणाली, बघू तर खरं, आणि आत जाऊन आडवी झाली. सगळे खांब धरून उभे. थोड्या वेळाने ती उठून बसली आणि म्हणाली, आत फार उकडतंय, यंदा जमणार नाही. अशी सगळी गंमत. तेव्हा काही काळजी नाही, तिकीट महाग आहे, तू आपलं काम सोडून येऊ नकोस.

तुझा भाऊ,
हुंदे

ता.क. : ओरोमो मंडळासाठी म्हणून जो नवा नायलॉनचा तंबू तू पाठवणार होतास, तो पाठवू नकोस. पाठवलाच असशील तर मिरच्या वाळवायला घेऊ.

आणखी ता.क. : अक्षर ओळखलंस? मेर्शाचंच. आपली भाषा तो तुझ्यापेक्षा शुद्ध लिहितो, आणि याचं श्रेय तो दोनदा मागून चुकलाय.

शेवटचं ता.क. : बिरातू, मी मेर्शा. हुंदे परसाकडे गेलाय, तेवढ्यात लिहितो. माझी बदनामी मी शब्दशः उतरवली, फक्त शुद्धलेखन सुधारलं. एक गोष्ट त्याने तुला खोटी सांगितली. तुझी आई उकाड्याने उठली नाही. आडवी पडल्या पडल्या तिने खांब मोजले. तुझ्या नावाचा खांब मी धरला होता आणि माझा येशीने. ते पाहून ती उठली आणि मला म्हणाली, "मेर्शा, चार दिवस लपवलंस तेवढं पुरे. त्याचा खांब त्याने धरावा. तोवर मी थांबते." परवापासून ती काही खात नाही. थांबते म्हणाली आहे म्हणून थांबली आहे, पण फार थकली आहे. ये, पोरा.