पाय लागला

बुध., १ ऑक्टो., कोबे
आज पुन्हा तेच. खेळता खेळता साइतो-सानच्या खांद्याला पाय लागला आणि मी भर खेळात थांबून नमस्कार केला. ते आधीच ‘सुमिमासेन’ म्हणून माफी मागत वाकलेले. मेस्त्रेंनी बेरिंबाव वाजवायचं थांबवलं. “हा कापोएरा आहे की माफीचा कार्यक्रम?” लाज वाटली, हसूही आलं. पण हात आपोआप जातो, त्याला काय करू!

रवि., ५ ऑक्टो.
आईचा फोन. “अगं, दर बुधवारी त्या मेस्त्रीकडे काय काम असतं तुझं? कपाट करून घेतेयस का?” रत्नागिरीच्या कानाला मेस्त्रे म्हणजे सुतारच. म्हटलं, गुरुजी आहेत ते, ब्राझीलचे. त्यांच्या पणजोबांना आफ्रिकेतून गुलाम म्हणून नेलं होतं. त्या लोकांनी नाचाच्या आडून जपलेली लढाई म्हणजे हा कापोएरा.
“बरं. पडत-बिडत नाहीस ना?”
पडते. सांगितलं नाही.

बुध., ८ ऑक्टो.
मेस्त्रे ब्राझीलला, त्यांच्या बाहियाला परत चाललेत. गुडघे गेलेत, कारखान्यातली नोकरी केव्हाच संपली, तिकडे बहीण एकटी.
“परत याल ना?”
“बघू.”
वर्ग बंद पडू नये एवढंच म्हणणं. आणि बेरिंबाव मी धरावं, म्हणजे वर्ग मी चालवावा! मी लॅबमधली बाई, पोर्तुगीज गाणी देवनागरीत लिहून पाठ करणारी. साइतो-सान माझ्याहून कितीतरी चांगलं खेळतात, असं म्हटलं तर मेस्त्रे म्हणाले, “तो अचूक खेळतो. तू ऐकतेस.”
हो म्हटलं नाही. नाही म्हणायचंही धाडस झालं नाही.

बुध., २२ ऑक्टो. पाडवा
चकल्या नेल्या, मेस्त्रेंनी निम्म्या संपवल्या. खेळू दिलं नाही, नुसतं वाजवायला बसवलं. बेरिंबावच्या धनुष्याचा सगळा भार करंगळीवर, भोपळा पोटाशी न्यायचा, लांब न्यायचा. गाताना आवाज फुटला. कुणी हसलं नाही, त्यानं जास्तच वाईट वाटलं.
निघताना मेस्त्रे म्हणाले, बाकी चुकलं तरी चालेल. पण खेळाआधी दोघांनी बेरिंबावपाशी समोरासमोर उकिडवं बसायचं, हात द्यायचा, ते सोडू देऊ नकोस. घाईत लोक नेमकं तेच गाळतात. आणि हात दिला की खेळायचंच, तसंच उठायचं नाही.
त्यांच्याकडून माझ्याकडे येताना काय काय गळेल, याची खरंच भीती वाटते.

शनि., १ नोव्हें.
साइतो-सान आणि मी विमानतळावर गेलो होतो. मेस्त्रेंकडे एकच बॅग. बेरिंबाव माझ्या घरी, कपाटाच्या कडेला.
निरोप घ्यायची वेळ झाली. घरी करते तशी वाकले, त्यांच्या पायांना हात लावला. मान वर करते तर मेस्त्रे माझ्या खांद्याचा आधार घेत हळूहळू खाली येतायत. गुडघा कटकन वाजला. समोर उकिडवे बसले आणि हात पुढे केला. त्यांना वाटलं, मी खेळायला बसले.
रांगेतले लोक बघत होते. साइतो-सान सगळ्यांना सुमिमासेन, सुमिमासेन. ‘मेस्त्रे, हा नमस्कार होता’ असं सांगणार होते. नाही सांगितलं. हात दिला.
आम्ही दोघांनी मिळून त्यांना उठवलं. “हा खेळ राहिलाय हं,” म्हणाले आणि आत गेले.
परतीच्या ट्रेनमध्ये रडले. साइतो-साननी विचारलं, बुधवारी हॉल ठेवायचा ना?
ठेवा म्हटलं.