इनामदाराची मिशी

४ फेब्रु. ७१, कोल्हापूर
इनामदाराचे दोन सीन ओके. इतकी वर्षं हवालदार, गाडीवान, नाहीतर पाटलामागे उभा राहून मान डोलावणारा. नावाचा रोल हा पहिलाच. अर्धं शूटिंग उरकलं. मिशी खरी, स्वतःची. मेकअपवाला म्हणतो, चिकटवलेली असती तर ओरडताना एक टोक सुटलं असतं. आणि इनामदाराला ओरडायचंच काम.

१० फेब्रु., काष्टी
काल तार. वडील गेले. रात्रभर एस.टी.त, सकाळी पोचलो. माझ्यासाठी थांबवलं होतं. थोरला म्हणून अग्नी मी दिला. तिथे रडू आलं नाही, घरी गोठ्यात आलं. दिवाळीत म्हणाले होते, "तोंडाला रंग फासून पोट भरतोस." तेच शेवटचं बोलणं. मीही काही कमी बोललो नव्हतो.

१३ फेब्रु.
आबा, थोरले चुलते, येऊन बसले. सारखी नजर माझ्या ओठावर. "दहाव्याला डोकं, मिशी समदं काढायचं बरं का. बाप गेलाय." म्हटलं, डोकं काढतो, मिशी ठेवतो, काम अर्धं राहिलंय. "शिणेमा बापापरीस मोठा व्हय?" सुतकात भांडण नको. पण ठेवणार.

१५ फेब्रु.
श्रीगोंद्याला जाऊन ट्रंक कॉल. डायरेक्टर म्हणाले, फार वाईट वाटलं. आणि लगेच, मिशीला हात लावू नका हं. गेली तर इनामदाराला घोड्यावरून पाडून मारतो, उरलेले सीन हिरोच्या मामाला देतो. फोन आपटला. इकडे आबा, तिकडे हा. माझ्या मिशीवर सगळ्या गावाचा हक्क, एक माझाच नाही. ठेवली तर माझ्यासाठी ठेवीन, ह्याच्या धमकीने नाही.

१७ फेब्रु.
ही म्हणते, काढा की, केसच ते, येतील परत. केस येतील गं, रोल येत नाही.
शेवटी आईला विचारलं. ज्वारी पाखडत होती. मान वर न करता म्हणाली, "त्येला तुजं काम कदी आवडलं न्हाई. मिशी काढलीस तरी आता काय आवडायचं न्हाई. तुला काय करायचं ते कर. पर नदीवर मान खाली घालून बसू नगं."

१८ फेब्रु., दहावा
नदीवर न्हाव्यापुढे बसलो. डोकं झालं. वस्तरा ओठाशी आला तसा त्याचा हात धरला. राहू दे म्हटलं. आबा म्हणाले, "मग पिंडाला हात लावायचा न्हाई. बाळू ठिवंल." म्हटलं, थोरला मी आहे. बाळूने माझ्याकडे पाहिलं, आबांकडे पाहिलं, आणि उठला. धाकट्या भावाने पिंड ठेवला. मी लांबून हात जोडले. लागलं, लई लागलं.
कावळा लगेच शिवला. आबा म्हणतात, बाळूच्या हातचा म्हणून शिवला. बरं.
घरी आरशात पाहिलं. वर गुळगुळीत टाळकं, खाली ही मिशी. भयंकर ध्यान. असू दे. इनामदाराला फेटा आहेच.

२० फेब्रु.
उद्या तेरावा. आबांचा निरोप बाळूच घेऊन आला. "भावकी जेवाया येनार न्हाई. अजून मिशी काढली तर येतील." विचारलं, आणि तू? म्हणाला, "बगतो."
त्याला म्हटलं, आबांना सांग, जेवण सगळ्या भावकीचं होणार. ही म्हणाली, वाया जाईल. जाऊ दे. वडिलांच्या तेराव्याला बोलावणं कमी पडलं असं कोणी म्हणायला नको. आई उठली आणि डाळ भिजत घातली, मोठ्या पातेल्यात.
पत्रावळी मी मांडणार. पहिली आबांची. मग दारात उभा राहणार, उघड्या डोक्याने, मिशीसकट. ज्याला यायचं त्याने माझ्या तोंडाकडे बघून आत यावं.