एक कॉलर सरळ कापल्याबद्दल

मी, खाली सही करणारा कटिंग मास्तर, पूर्ण शुद्धीत आणि तितक्याच पूर्ण रागात हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहून ठेवत आहे. माझ्यावर कोणाचाही दबाव नाही. बायको मागे उभी राहून "अक्षर जरा मोठं काढा" म्हणते आहे, तो दबाव धरू नये. छातीत एकदा कळ येऊन गेली आहे आणि उद्या माझ्या भरपाईच्या दाव्याची फेरतपासणी आहे. दोन्हींचा भरवसा नाही, म्हणून आजच.

१. राहत्या दोन खोल्या बायकोच्या, तिच्या पश्चात मुलीच्या. गळका कोपरा धरून.

२. बँकेतली शिल्लक बायकोची. शिल्लक हा शब्द कायद्यापुरता. अपघातानंतर तिथे पासबुकाखेरीज फारसं काही उरलेलं नाही.

३. माझी मोठी कात्री मुलीला. ती कामात घाई करते, पण धार राखते. त्या कात्रीने कोणी कागद कापला तर मी असेन तिथून ओरडेन.

४. मेव्हण्याला काही नाही. तो आमच्याच कारखान्यात सुपरवायझर आहे. माल लवकर निघावा म्हणून कापायच्या यंत्राची बोटं वाचवणारी जाळी त्यानेच काढायला लावली, आणि माझ्या डाव्या हाताचा अंगठा व शेजारची दोन बोटं गेली. सुनावणीत तो म्हणाला, "मास्तरांना आम्ही गेटवर बसायचं काम देत होतो, त्यांनीच नको म्हटलं." खरं आहे. त्या पगारात घरचा किराणाही भागला नसता, एवढंच सांगायला तो विसरला. घर फिरलं की घराचे वासेही फिरतात, हे त्याच्या सख्ख्या बहिणीने म्हटलं आहे, मी नव्हे.

५. दावा बायकोकडे जाईल. हीच माझी खरी इस्टेट, आणि ती मीच बुडवत आणली आहे. डॉक्टरांनी उरलेली बोटं वाकवून, मापून शेकडा वीस अपंगत्व लिहिलं. ते वाचून सुनावणी घेणारे साहेब म्हणाले, "कात्री उजव्या हातात धरता ना? मग कमाई कशी बुडाली?" त्यांनी टेबलावर कापड टाकलं. "एक कॉलर कापून दाखवा."

बायकोने मागून कोपर मारलं. "वाकडी कापा हो, वाकडी!"

मी कापड डाव्या मनगटाने दाबलं, श्वास रोखला आणि कात्री रेघेवरून तसूभरही ढळू दिली नाही. चार माणसांसमोर वाकडं कापायचं? माझ्याने झालं नाही. साहेब खूश. "वा! हात तर छान चालतोय." आणि बुडालेली कमाई त्यांनी जवळजवळ शून्य लिहिली.

घरी येईपर्यंत मनगट सुजून टम्म झालं होतं. बायको दारात म्हणाली, "आता कॉलरच शिजवते." तिचा मला राग नाही. राग याचा आहे की दुसरी कॉलर कापता येते का, हे कोणी विचारलंच नाही. पूर्वी मी सकाळभर थप्प्यांवर थप्प्या कापायचो. आता एक कापली की दुपारपर्यंत या हातात काही धरवत नाही. दिवसाला एका कॉलरवर पगार देणारा मालक साहेबांनी शोधून आणावा, मी दावा मागे घेतो.

६. उद्यापर्यंत मी टिकलो नाही, तर बायकोने साहेबांना हेच सांगावं. रडू नये. रडलं की लोक पाणी देतात आणि पुढची तारीख देतात.

टिकलो तर मीच जाईन. आठवडाभर घरी वाकडं कापायचा सराव केला. जमत नाही. बायकोने कपाळाला हात लावला. तेव्हा उद्याही मी सरळच कापणार. पण एका कॉलरवर थांबणार नाही. माझ्या पूर्वीच्या एका सकाळच्या कामाएवढं कापड मुलगी घेऊन येते आहे. दुसरी कापीन, तिसरी कापीन, हात साथ सोडेपर्यंत कापीन. तोवर साहेबांनी खुर्चीवरून उठू नये.

साक्षीदार: शेजारचे न्हावी, खालच्या मजल्यावरच्या शाळेच्या बाई. दोघांनी माझ्यासमोर सह्या केल्या, चहा नको म्हणाले.

स्थळ: राहतं घर, पुढची खोली.
दिनांक: फेरतपासणीचा आदला दिवस.
सही: केली आहे.
डाव्या अंगठ्याचा ठसा: कलम ४ पाहावे.