महिना सत्तावीस युरो

आई,

तुला जाऊन अकरा वर्षं झाली, आणि एवढ्या वर्षांत मी तुला एक ओळ लिहिली नाही. आज लिहितेय, कारण गेल्या शुक्रवारी मी कर्जाच्या एका कागदावर सही करायला नकार दिला. तेव्हापासून तुझा जावई माझ्याशी फक्त कचऱ्याचा कुठला डबा बाहेर काढायचा एवढंच बोलतोय. आत्ता दुपारचा एक वाजलाय. मी सांभाळते ती चार मुलं वर झोपली आहेत, तीन वाजेपर्यंत उठणार नाहीत. जगाला दोन तास माझ्याकडून काही नको असतं, ते हेच.

घर घेण्याआधी मी इथे नुसती कुणाची तरी बायको होते, व्हिसावर शिक्का असलेली. तेरा वर्षांपूर्वी घर घेतलं, त्याच वर्षी मी मुलं सांभाळायला लागले, आपल्याच बैठकीच्या खोलीत, रीतसर परवाना काढून. डच लोकांची मुलं. त्यांची नाकं पुसायची, पावावर चॉकलेटचे दाणे घालून द्यायचे, लंगोट बदलायचे, पाऊस असला तरी सगळ्यांना पुढे मोठी पेटी जोडलेल्या सायकलीत घालून बागेत न्यायचं. तुला फोनवर सांगितलं तेव्हा तू म्हणाली होतीस, "एम.कॉम. करून हेच?" मी चिडले होते. पण ते पैसे माझे होते, आणि त्या पैशांचं काय करायचं ते मी पहिल्या दिवसापासून ठरवलं होतं. दर डिसेंबरला सगळे कर्जात. घर लवकर मोकळं करायचं. छत्तिसाव्या वर्षी घेतलेलं तीस वर्षांचं कर्ज मी पंचावन्नाव्या वर्षी संपवणार होते. सगळ्यांना सांगत फिरायचे मी हे, आणि सांगताना माझी मान जरा ताठ व्हायची.

तुझ्या पतसंस्थेत सुट्टीच्या दिवसांत तू मला काउंटरच्या टोकाला स्टुलावर बसवायचीस, आठवतं? एसटीतले, नगरपालिकेतले, शाळांतले पगारदार लोक कर्जाला यायचे. तू कुणाच्याही हातात अर्ज द्यायच्या आधी तो उलटा करायचीस, पाठीमागे एक आकडा लिहायचीस आणि म्हणायचीस, "मोठ्याने वाचा." किती घेतलं ते नाही, फिटेपर्यंत एकूण किती जाणार ते. एक कंडक्टर होते, त्यांना स्कूटरसाठी हवं होतं. ते वैतागले. "बाई, हप्ता किती तेवढं सांगा की. पगारातनं कटला की झालं." तू मान वर न करता म्हणालीस, "हप्ता मागनं. आधी हे वाचा." त्यांनी वाचलं, पुन्हा एकदा मनात वाचलं, अर्ज घडी करून खिशात घातला आणि निघून गेले. चेअरमन आतून बाहेर आले आणि सगळ्यांसमोर तुला म्हणाले की बाई, तुम्ही गिऱ्हाईक हाकलायला बसलाय का. तू त्यांना चहा सांगू का म्हणून विचारलंस. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं. तुझ्या त्या खड्या आवाजाची, त्या "मोठ्याने वाचा"ची मला लाज वाटायची, हे मी तुला कधी सांगितलं नाही, पण तुला कळत असणार.

आणि तीच मी, फोरबर्गमध्ये नोटरीच्या कचेरीत काचेच्या टेबलाशी बसून सही करताना काय वाचलं? हप्ता. चौदाशे एकोणसत्तर युरो. तीस वर्षं, त्यातली पहिली वीस व्याज बांधलेलं. दुभाषी बाई भराभर इंग्रजीत सांगत होत्या, मी मान डोलवत होते. एकूण किती, हा आकडा त्या गठ्ठ्यात कुठेतरी होता, नाही असं नाही. कुणी लपवला नव्हता. पण कुणी तो मोठ्याने वाचायलाही लावला नाही. घराच्या एजंटने फुलं दिली. कर्जाच्या सल्लागाराने केक पाठवला, त्यावर आमच्या घराचं चित्र काढलेलं. आम्ही त्या केकचे फोटो काढून तुला पाठवले. दोन लाख ऐंशी हजार उसने घेतले म्हणून केक! आता तो फोटो समोर आला की मला अक्षरशः शिसारी येते.

इथे या विषयावर लोक बोलतात फार, आई. गणपतीला आपली मंडळी खेळाचा हॉल भाड्याने घेतात, आरती होते, मग कागदी ताटल्या हातात घेऊन पुरुष एका बाजूला उभे राहतात आणि सुरू. "मागितल्यापेक्षा किती ओव्हरबिड केलंत?" "व्याज किती लागलं?" "आमचं घर आता दुप्पट झालं." मोदकाचं तूप बोटांवर असतं आणि तोंडात टक्के. डच लोकांच्या वाढदिवसालाही तेच, फक्त तिथे गोल करून बसतात आणि केकचा एकच तुकडा मिळतो. एकूण किती देणार आहात, असं विचारणारा एकही माणूस मला तेरा वर्षांत भेटला नाही. असं विचारणं पगार विचारण्यापेक्षा वाईट समजतात बहुतेक. मीही कधी विचारलं नाही. मीही आपली "आम्ही दर डिसेंबरला जास्तीचे भरतो" एवढं म्हणून कौतुक गोळा करत होते.

आता शुक्रवारचं सांगते. तुझी नात ग्रोनिंगनला शिकायला निघालीय. तिथे मुलांना खोल्या मिळत नाहीत, फार मारामार आहे. तुझ्या जावयाच्या डोक्यात आलं की या घरावरचं कर्ज वाढवायचं आणि तिथे एक छोटा फ्लॅट घ्यायचा. पोरीची सोय, वर गुंतवणूक. सल्लागाराबरोबर व्हिडिओवर बैठक ठरली. सल्लागार म्हणजे पंचवीस-सव्वीसचा गोरापान मुलगा, मागे भिंतीवर सायकल टांगलेली, चेहऱ्यावर सतत हसू. पडद्यावर हिरवे आलेख. घराची किंमत वाढलीय, तुमचे इतके पैसे त्यात अडकून पडलेत, ते बाहेर काढा, महिन्याला तुम्हाला जाणवणारसुद्धा नाही. "यू विल हार्डली नोटिस इट," असं तो तीनदा म्हणाला. मी मोजलं. आणि मग त्या पडद्याच्या कोपऱ्यात मला आमच्या जुन्या कर्जाच्या शेवटाची तारीख दिसली. ती मी सहासष्ट वर्षांची होईन तेव्हाची होती. मूळची. एक महिनाही इकडे सरकलेली नव्हती.

मी म्हटलं, ही तारीख चुकलीय, आम्ही दर वर्षी जास्तीचे भरतो. तो हसतच म्हणाला की हो, दिसतंय ना, म्हणूनच तर तुमचा हप्ता दर वर्षी कमी झालाय. जास्तीची रक्कम आली की आम्ही हप्ता उतरवतो, मुदत तीच राहते. मुदत कमी करून हवी असेल तर तुम्ही तसं कळवायला हवं होतं, मॅडम.

तुझ्या संस्थेत दिवाळीच्या बोनसचे पैसे घेऊन लोक यायचे तेव्हा तू वहीतले शेवटचे हप्ते तांबड्या पेन्सिलीने मागून पुढे खोडत यायचीस. कर्ज असंच लवकर संपतं, मला दुसरं काही ठाऊकच नव्हतं. भारतातून आलेल्या कुणालाही विचार, तो हेच सांगेल. हप्ता तोच, शेवट अलीकडे. इथे उलटं असेल हे माझ्या मनालाही शिवलं नाही. कर्जाचं खातं याच्या फोनवर, बँकेची पत्रं डचमध्ये, माझी दुपार लंगोटांत. हप्ता थोडा उतरलाय असं हा कधीतरी म्हणायचा, आणि वर म्हणायचा की घराची किंमत वाढली की बँक व्याजात थोडी सूट देते. मला ते पटायचं.

बैठक संपल्यावर मी याला विचारलं, "तुला माहीत होतं?"

"माहीत म्हणजे... अ‍ॅपमध्ये दिसतंच ना. अगं, हप्ता कमी झाला हाच तर फायदा. कॅश फ्लो चांगला राहतो."

"आणि ते पैसे कुठे गेले?"

"कुठे जाणार? घरातच."

घरातच. खोटं नाही बोलला तो. मी दोन दुपारी बसून सगळा तक्ता मांडला, तू मांडायचीस तसा, महिन्यागणिक. दोन लाख ऐंशी हजारांचे आम्ही पाच लाख अठ्ठावीस हजार देणार होतो. पहिल्या वर्षी साडेसतरा हजार भरले आणि मुद्दल फिटलं जेमतेम सव्वाचार हजार. जास्तीचे भरल्याने व्याज वाचलं, ते मी नाकारत नाही. पण वाचलेले पैसे हप्त्यातून थेंब थेंब परत आले आणि आम्ही ते खाल्ले. थोडी मोठी गाडी, थोडी लांबची सुट्टी, शनिवारी स्टेशनजवळच्या दुकानातले तळलेले बटाटे, मेयोनीज घालून. किळस मला बँकेची नाही आली, बँक बँकेसारखी वागली. माझी आली. एम.कॉम. झालेली, तुझ्या काउंटरवर वाढलेली बाई, तेरा वर्षं एक तारीख पाहत नाही.

त्याच शुक्रवारी संध्याकाळी सल्लागाराचा कागद सहीला आला. मी सही करणार नाही म्हटल्यावर याने आवाज चढवला. "तेरा वर्षांपूर्वी नाही वाचलंस म्हणून आता पोरीची खोली अडवणार?" म्हणाला. पोरगी जिन्यात उभी होती. ती म्हणाली, "बाबा, आय डोन्ट इव्हन वॉन्ट अ फ्लॅट. आय जस्ट वॉन्ट अ रूम." मराठी सगळं कळतं तिला, उत्तर मात्र असंच येतं. मग तिनेच मैत्रिणीच्या ओळखीने चार मुलींबरोबर एका घरातली खोली शोधली, न्हाणीघर सामाईक. ती खूश आहे. हा नाही. त्याला वाटतं मी आकड्यांवरून अडून बसलेय, आणि मी ते तसंच वाटू दिलंय.

कारण तक्त्यात एक ओळ आहे जी मी त्याला वाचून दाखवली नाही. दुसऱ्या डिसेंबरची. पहिल्या डिसेंबरला मी तुला विचारलं होतं की येऊ का, की पैसे कर्जात भरू. तू म्हणाली होतीस, "आधी कर्ज. मी कुठे पळून चाललेय?" तुझाही राग येतो मला कधीकधी, आई. कर्ज म्हटलं की तुला दुसरं काही दिसायचं नाही, आणि तेच तू मला शिकवलंस. पण दुसऱ्या डिसेंबरला तू स्वतः विचारलंस. जिना चढताना दम लागतो म्हणालीस, आणि मग, "आठ दिवस आलीस तर बरं वाटेल." असं तू जन्मात कधी कुणाला म्हणाली नव्हतीस. मी पाच हजार युरो भरले आणि आले नाही. फेब्रुवारीत तू गेलीस. इतकी वर्षं मी स्वतःची समजूत घालत होते की त्या पैशांनी निदान कर्जाचे दिवस कमी केले. खरंच, शेवटातून कापले असते तर तेरा हप्ते गेले असते, वर्षाच्या वर. पण तसं झालं नाही. त्या पाच हजारांनी आमचा हप्ता सत्तावीस युरोंनी उतरला. महिन्याला सत्तावीस. तुझ्याजवळच्या आठ दिवसांच्या बदल्यात मला ते मिळाले, आणि मी ते बटाट्यांवर उडवले. हे लिहिताना तोंड कडू झालंय.

वर एकजण जागा झालाय, पाळण्याच्या दांड्या हलवतोय. पुरे आता. हे कागद मी मुलांच्या नोंदवहीतून फाडलेत, ते संध्याकाळच्या आत कचऱ्यात जातील, कागदांच्या डब्यात. एवढं मात्र सांगून टाकते. त्या डिसेंबरमध्ये मी तुला फोनवर म्हणाले होते की तिकिटं शिल्लक नाहीत, सगळी विमानं भरलीत. तू म्हणालीस, "मग राहू दे, उगाच धावपळ नको." तिकिटं होती, आई. मी खिडकीची जागासुद्धा निवडली होती.