बुरशीविष

ता. ४ फेब्रुवारी

चि. मुंगळ्यास,
अनेक आशीर्वाद.

तू पत्र पाठवत नाहीस म्हणून मी रागावले आहे, पण काम तुझ्याकडेच असल्यामुळे राग पुढे ढकलला आहे. आमच्या शास्त्रीय शब्दकोशाचं काम 'म'पर्यंत आलं आणि तिथे 'मायकोटॉक्सिन' हा शब्द आडवा पडलाय. आमचे प्रमुख संपादक 'कवकविष' म्हणतात. मी त्यांना विचारलं की कवक हा शब्द तुमच्या घरात शेवटचा कोणी उच्चारला होता, तेव्हापासून ते माझ्याबरोबर चहा घेत नाहीत. मी 'धान्यविष' सुचवलंय. सुटसुटीत आहे, कुणालाही कळेल.

तू दिवसभर धान्यच तपासतोस, तेव्हा नेमका अर्थ आणि वापराचं एखादं वाक्य तूच कळव. शिवाय तुझ्या अहवालात ते अगडबंब नाव लिहिण्याऐवजी माझा शब्द लिहून बघ, लोकांना समजतो का ते.

दादाच्या गोदामाचं छप्पर गळत होतं, ते दुरुस्त झालं का? मला तो सांगायचा नाही. एकाच बाजारात तो मका विकतो आणि तू मका तपासतोस, त्यामुळे मला कायम धाकधूक असते. वहिनीची तब्येत कळव.

माझी माया आहेच, तुझी पत्रातून दिसू दे.
ताई


ता. १२ फेब्रुवारी

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

तुझा शब्द लोकांना समजला. इतका समजला की दादाचे दोन दात पडले.

सांगतो. छप्पर दुरुस्त झालं नव्हतं. पाणी मक्याच्या थप्पीत उतरलं, दाणे आतून तापले आणि हिरवट बुरशी धरली. दादाने माल उन्हात घातला, चाळला, भट्टीत भाजला. वरून बघशील तर पिवळाधमक, वासही खमंग. नमुना माझ्याकडे आला आणि तपासणीत विष निघालं, तेही थोडंथोडकं नाही. तू अर्थ विचारलास ना, तो असा. बुरशी दाण्यावर जगते आणि जगता जगता एक विष तयार करून दाण्यात सोडते. बुरशी भट्टीत मरते, चाळणीतून जाते. विष दाण्यातच राहतं. त्याला रंग नाही, चव नाही आणि घाईही नाही. ते आठवडेच्या आठवडे यकृत पोखरत बसतं.

मी माल अडवला, गोदामाला सील ठोकलं आणि तुझं ऐकून फलकावर लिहिलं, 'या मालात धान्यविष आढळले आहे.' कोंबड्यांचं खाद्य नेणारे जमले. दादाने विष घातलं, एवढंच तोंडोतोंडी झालं. वजनकाट्यापाशी त्याला घेरलं. एकाने पोती उचलायच्या आकड्याने त्याचा सदरा पाठीच्या कातडीसकट फाडला, दुसऱ्याने तोंडावर बूट मारला. मी मध्ये घुसलो तर मलाही तुडवलं. दादा मातीत पडून सारखा विचारत होता की मी विष घालेन का. विचारत होता त्यांना, पण बघत होता माझ्याकडे.

हा मका खाद्याखेरीज पिठाच्या गिरणीतही जाणार होता आणि तिथून कामगारांच्या खानावळीत. म्हणून मी अहवाल मागे घेणार नाही. त्या मालात दादाचं सगळं वर्ष अडकलंय हे मला कळतं, ताई. रात्रंदिवस तेच डोक्यात आहे.

आशीर्वाद जरा जास्तच पाठव, इथे लागतील.
तुझा मुंगळा


ता. १५ फेब्रुवारी

चि. चिमीस,
आशीर्वाद. मुंगळ्याची तू ताई असशील, माझी चिमीच.

दात गेले तरी हात चालतो, म्हणून लिहितो. तो शब्द तुझा होता असं मुंगळा म्हणाला. छान झालं. बहिणीने शब्द दिला, भावाने तो माझ्या दारावर टांगला आणि माझी हाडं मोडायला बाजार मोकळा झाला. लहानपणी तुम्हा दोघांना बखोटीला धरून शाळेत नेलं, त्याचं हे फळ.

मी मका भाजला, बुरशी गेली. बुरशीच नाही तर तिचं विष कुठून आलं? एवढ्या साध्या प्रश्नाला तुझ्या त्या जाड पुस्तकात जागा आहे का बघ.

मी आता कुणाशी तोंडाने भांडणार नाही. तपासणीसाठी काढलेली दोन पोती सीलबाहेर आहेत. उद्यापासून रोज सकाळी वजनकाट्यावर बसून त्यांतला मका मूठमूठ खाणार आहे, सगळ्या बाजारासमोर, उरलेल्या दातांनी. मी मेलो तर मुंगळा खरा. मी उभा राहिलो तर त्याने सगळ्यांदेखत अहवाल फाडायचा. तुझी वहिनी रडून रडून सुजली आहे, तिला चार ओळी लिही.

राग आहे. तुझ्यावर त्यातल्या त्यात कमी.
दादा


ता. ६ मार्च

ती. ताईस,
सा. न.

डाव्या हाताने लिहितोय, अक्षराला हसू नकोस.

दादा रोज खातो. आधी लोक श्वास रोखून बघायचे, मग टाळ्या वाजवू लागले. ज्यांनी त्याला तुडवलं होतं तेच त्याला पाठीवर थापा मारून आणखी एक मूठ घे म्हणतात. मी घसा फोडून सांगतो की हे विष झटक्याचं नाही. पण समोर माणूस टुणटुणीत बसलेला असताना माझ्या नळ्याबाटल्यांचं कोण ऐकणार? मागच्या आठवड्यात त्यांनी तपासणीच्या खोलीच्या काचा फोडल्या, तराजू रस्त्यावर आपटला आणि मला केसांना धरून काचांवरून ओढत नेलं.

मग दादा आला. त्याने सगळ्यांना बाहेर काढलं, मला उठवून खुर्चीत बसवलं, पाणीही दिलं. अहवाल मागे घे म्हणाला. मी नाही म्हणालो. त्याने पुन्हा विचारलं, मी पुन्हा नाही म्हणालो. टेबलावर पोत्यातून नमुना काढायची ती टोकदार लोखंडी नळी होती. त्याने ती उचलली आणि माझ्या उजव्या पंजातून आरपार टेबलात रोवली. नळीच्या पोकळीतून रक्त वर आलं, ताई. मी किंचाळलो आणि तो माझ्याकडे बघत राहिला. तेव्हा मला दिसलं की त्याच्या डोळ्यांचा पांढरा भाग पिवळसर झालाय. हातापेक्षा मला त्याचीच जास्त भीती वाटली.

गोदामाचे दोन्ही राखणदार कुत्रे मेले. भट्टीपाशी सांडलेला मका शिजवून त्यांना घालायचे. नाकातोंडातून रक्त ओकत, भिंतीवर डोकी आपटत गेले. दादा म्हणतो कुत्र्यांना मीच विष घातलं. स्वतःवर जो आळ आला तोच त्याने माझ्यावर ढकलला. हमालांनी घरात शिरून मला पुन्हा मारलं, बरगड्या गेल्यात, हसायचं मात्र बंद ठेवावं लागतंय. सील अजून शाबूत आहे.

तू काळजी करणारच, पण थोडी दादाचीही कर.
मुंगळा


ता. १० मार्च

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

मुंगळ्याच्या हाताचं कळलं. तू त्याला सायकलच्या दांडीवर बसवून फिरवायचास. एकदा त्याचा पाय चाकात गेला, तेव्हा तू भर रस्त्यात स्वतःच्या थोबाडीत मारून घेतल्या होत्यास. त्या दादाने हे केलं यावर माझा विश्वास बसत नाही, आणि विश्वास बसतोय म्हणून मी तुझ्यावर संतापले आहे.

शब्दाची चूक माझी. धान्यविष म्हटलं की ऐकणारा विचारणारच, धान्यात विष कुणी घातलं. ते कुणीच घालत नाही. तू घातलं नाहीस, मुंगळ्याने घातलं नाही. बुरशी ते बनवते. म्हणून मी आता 'बुरशीविष' लिहिलंय, निदान नाव घेताना बोट योग्य जागी जाईल. बुरशी नाही तर विष कुठून, असं तू विचारलंस. चूल विझली म्हणून भिंतीवरची काजळी जाते का? तसंच हे, मागे राहतं.

वहिनीने लिहिलंय की तुला जेवण जात नाही, लघवी गडद होते, अंग खाजतं. दादा, आरशात डोळे बघ. मग मला हव्या तेवढ्या शिव्या दे, पण तो मका खाऊ नकोस. थांबलास तर लोक हरलास म्हणतील. म्हणू देत.

लोभ आहे, आज त्यात राग फार मिसळलाय.
तुझी चिमी


ता. २१ मार्च

ती. ताईस,
सा. न.

तुझं पत्र दादाने वाचलं, चुरगाळलं आणि खिशात घातलं. खाणं सोडलं नाही. तीन दिवसांनी वजनकाट्यावर त्याला रक्ताची उलटी झाली, टाळ्या वाजवणाऱ्यांच्या पायांवर. मी त्याला दवाखान्यात नेलं. वाटेत त्याने मला एक बुक्की मारली, पण तिच्यात जोर नव्हता. डॉक्टर त्याच्यादेखत म्हणाले, यकृत बहुतेक गेलं, त्या मक्यामुळेच.

दादा आडवा पडल्यावर बाजाराला फावलं. त्याला दुसरंच काही दुखणं असेल, माल चांगलाच आहे, असं म्हणत खाद्यवाल्यांनी काल सील तोडलं आणि पोती गाड्यांत चढवू लागले. मी धावत पोहोचलो तर दादा माझ्या आधी तिथे. अंगात दवाखान्याचे कपडे, मनगटात सलाईनची सुई तशीच, आणि हातात ती नळी. त्याने आधी गाड्यांच्या टायरांत ती खुपसली. मग जो पोतं उचलेल त्याच्या खांद्यावर, गुडघ्यावर हाणू लागला. एकाचं मनगट मोडलेलं मी ऐकलं. त्यांनी त्याला पाडून फावड्याच्या दांड्याने पाठीत मारलं, तो उठला. पुन्हा पाडलं, पुन्हा उठला. तो ओरडत होता की अहवाल वाचता येत नसेल तर माझे डोळे वाचा. शेवटी एका हमालाने त्याची मान पकडून चेहरा उजेडाकडे वळवला. डोळे पिवळेजर्द होते. हमालाने मान सोडली आणि मागे सरकला. मग एकेकाने पोतं खाली ठेवलं.

गोदाम दादानेच पेटवलं. रॉकेलचा डबा उचलायची ताकद त्याच्यात उरली नव्हती, तो मी माझ्या चांगल्या हाताने धरला. मका आत ताडताड फुटत होता. कुणी एक दाणाही उचलला नाही.

तू ये. पत्राने भागायचं नाही आता.
मुंगळा


ता. २ एप्रिल

ती. दादास,
शि. सा. न.

छपाईच्या धांदलीतून सुटून मी पुढच्या आठवड्यात निघतेच आहे. तोवर नोंद पाठवते. या शब्दाचा तुझ्याएवढा जाणकार आता कोणी नाही, तेव्हा तपासून दे.

मायकोटॉक्सिन : बुरशीविष. धान्यावर वाढणाऱ्या बुरशीने तयार केलेले विष. वापर : 'धान्य भाजल्याने बुरशी मरते, बुरशीविष मरत नाही.'

प्रमुख संपादक गुपचूप सही करून गेले. मी त्यांना तुझं सगळं सांगितलं होतं.

मी येईपर्यंत थांब, एवढंच मागते.
चिमी


ता. ६ एप्रिल

चि. चिमीस,
अनेक आशीर्वाद, उरलेले सगळे.

नोंद ऐकली. बरोबर आहे, पण अर्धी आहे. पुढे लिही, मरतो तो खाणारा. तुझे संपादक ते कापतील, तरी तू एकदा लिहून बघ.

डॉक्टरांनी काल तुझ्या वहिनीला बाहेर बोलावलं. परत आल्यावर ती उगाचच माझ्या कपड्यांच्या घड्या घालत बसली, तेव्हा मला काय ते कळलं. तू आठवडाभर थांबू नकोस, लगेच नीघ. येताना खायला काही आणू नकोस, पुष्कळ खाऊन झालंय.

हे पत्र मुंगळा लिहितोय. हात बरा झाला म्हणतो, पण आत्तापर्यंत पेन दोनदा गळून पडलं. अक्षर वाकडं आलंय, त्यात दोष लिहिणाऱ्याचा नाही, सांगणाऱ्याचा आहे. हे त्याला तोंडाने सांगायला गेलो की तो माझी उशी सारखी करतो, नाहीतर पाणी आणायला उठतो. म्हणून आज लिहायला बसवलंय, आता उठता येणार नाही. लिही मुंगळ्या. तू खरा होतास, आणि मी तुझा हात मोडला. मला माफ कर. सगळं लिही, गाळू नकोस.

तुम्ही दोघं एकमेकांवर लोभ ठेवा.
दादा

ताई, एकही शब्द गाळलेला नाही. लवकर ये. – मुंगळा